बाहेर पडले की डोके दुखते : दर वेळी होणाऱ्या त्रासाचे मूळ कसे शोधावे

डोंगर चढताना, लांब पल्ल्याची सायकल चालवताना, धावताना किंवा दिवसभर मैदानावर उभे राहिल्यावर ज्यांचे डोके हमखास दुखते, अशी माणसे कमी नाहीत. घरी असताना त्यांना काही होत नाही. बाहेर पडले की मात्र कपाळ जड होते, कानशिले ठणकू लागतात किंवा मानेच्या वर, डोक्याच्या मागच्या बाजूला कळ येते. मग बहुधा उन्हाला दोष दिला जातो, थोडे पाणी प्यायले जाते, एखादी वेदनाशामक गोळी घेतली जाते आणि तो दिवस कसाबसा निभावतो. पुढच्या वेळी पुन्हा तेच घडते. काही जण अखेर बाहेर जाणेच सोडून देतात आणि याचे मला मनापासून वाईट वाटते. कारण अशा त्रासाचे मूळ पुष्कळदा सापडण्याजोगे असते आणि ते सापडल्यावर उपायही साधा निघतो.

अडचण अशी, की घराबाहेरच्या डोकेदुखीला एकच एक कारण नसते आणि एका कारणावरचा उपाय दुसऱ्या कारणात अपाय ठरू शकतो. घामाने शरीरातले पाणी कमी झालेल्या माणसाला पाणी हवे असते, पण गरजेपेक्षा जास्त पाणी पिऊन रक्तातील सोडिअम उतरलेल्या माणसालाही डोकेदुखीच होते आणि त्याला आणखी पाणी पाजणे धोक्याचे असते. मायग्रेनच्या रुग्णाने गोळी घेऊन अंधारात पडून राहणे योग्य, पण उंच पर्वतावर हवा विरळ झाल्यामुळे डोके दुखत असेल, तर गोळी घेऊन वर चढत राहणे जिवावर बेतू शकते. म्हणून ‘किती दुखते’ यापेक्षा ‘केव्हा सुरू होते’ हा प्रश्न आधी विचारावा, असे माझे ठाम मत आहे. दुखण्याची तीव्रता प्रत्येक जण वेगवेगळी सांगतो. सुरू होण्याची वेळ मात्र बरीच विश्वासार्ह असते आणि ती कारणाच्या बरीच जवळ नेते.

ही लक्षणे असतील तर कारण शोधत बसू नये

पुढचे सारे विवेचन नेहमीच्या, ओळखीच्या झालेल्या डोकेदुखीसाठी आहे. एका मिनिटाच्या आत पराकोटीला पोहोचणारी, आयुष्यात कधी अनुभवली नव्हती इतकी तीव्र डोकेदुखी ही मेंदूभोवतीच्या रक्तस्रावाची खूण असू शकते आणि अशा वेळी थेट रुग्णालय गाठावे. डोकेदुखीबरोबर बोलणे अडखळणे, चेहऱ्याची एक बाजू लोंबणे, हात किंवा पाय लुळा पडणे, दोन-दोन दिसणे, झटके येणे, शुद्ध हरपणे, किंवा ताप येऊन मान ताठ होणे यांपैकी काहीही दिसले तरी तेच करावे. पडल्यामुळे किंवा डोक्याला मार बसल्यामुळे सुरू झालेली डोकेदुखी, पन्नाशीनंतर प्रथमच उद्भवलेली डोकेदुखी, गरोदरपणात किंवा प्रसूतीनंतरच्या काही आठवड्यांत आलेली नवी डोकेदुखी आणि दर आठवड्याला वाढतच जाणारी डोकेदुखी यांचीही तपासणी आधी, बाकी सारे नंतर.

श्रम करताना डोके दुखते आणि थांबले की काही मिनिटांत राहते, असा अनुभव मधुमेह, उच्च रक्तदाब किंवा धूम्रपानाची सवय असलेल्या मध्यमवयीन अथवा वृद्ध माणसाला येत असेल, तर तो विशेष गंभीरपणे घ्यावा. हृदयाला रक्तपुरवठा कमी पडल्यामुळे छातीऐवजी डोके दुखण्याचा प्रकार दुर्मीळ असला तरी खरा आहे आणि तो सहज निसटतो.

उन्हात डोके दुखणारा सोबती असंबद्ध बोलू लागला, त्याचा तोल जाऊ लागला किंवा तो चिडचिड करून कोणाचे ऐकेनासा झाला, तर तो उष्माघात समजावा. त्यात शरीराचे आतले तापमान ४० अंश सेल्सिअसच्या वर गेलेले असते आणि अंगाला घाम असला तरी उष्माघात नाही असे धरून चालता येत नाही. मदत बोलवावी आणि ती येईपर्यंत अंग थंड करण्यात एक क्षणही वाया घालवू नये : सावलीत घ्यावे, कपडे सैल करावेत, अंगभर पाणी ओतावे, वारा घालावा आणि सोय असेल तर गार पाण्यात, डोके वर धरून बसवावे. शुद्ध हरपत चाललेल्या माणसाच्या तोंडात पाणी घालू नये.

केव्हा सुरू होते?

पुढच्या खेपेस डोके दुखू लागताच घड्याळ पाहावे आणि ती वेळ तिथेच लिहून ठेवावी. घरी आल्यावर आठवून लिहिलेली वेळ बहुधा चुकते. पहिल्या तासाभरातच दुखू लागत असेल, तर डोक्यावर काय घातले आहे, डोळ्यांवर किती उजेड येतो आहे आणि श्रमाची सुरुवात किती झटक्यात झाली, या तीन गोष्टींकडे पाहावे. इतक्या कमी वेळात पाणी कमी पडून डोके दुखणे सहसा घडत नाही. आदल्या रात्रीपासूनच पाणी कमी असेल तर गोष्ट वेगळी. दोन-चार तासांनी सुरू होत असेल, तर पाणी, मीठ, भूक, उष्णता आणि मान हे संशयित पुढे येतात. परत आल्यावर, विसावल्यावर संध्याकाळी दुखू लागत असेल, तर या साऱ्यांचा उरलेला परिणाम किंवा मायग्रेन असू शकतो. मुक्कामाच्या ठिकाणी सकाळी जाग येतानाच डोके दुखत असेल, तर उंची, अपुरी झोप, चुकलेला चहा-कॉफीचा वेळ आणि तंबूत कोंडलेला धूर यांचा विचार करावा.

दुसरी नोंद सुटण्याच्या वेळेची करावी. काय केल्यावर आणि किती वेळात बरे वाटले, हे कारण शोधताना सुरुवातीच्या वेळेइतकेच उपयोगी पडते.

पहिल्या तासातली डोकेदुखी

हेल्मेट, घट्ट टोपी, डोक्याला बांधायचा दिवा, पोहण्याचा चष्मा किंवा कानामागे रुतणाऱ्या दांड्यांचा गॉगल यांनी त्वचेखालच्या मज्जातंतूंवर सतत दाब पडला, की डोके दुखू लागते. याची ओळख सोपी आहे. दुखणे दाब पडला त्याच जागी सर्वांत जास्त असते, वस्तू घातल्यापासून तासाभरात सुरू होते आणि ती काढल्यावर तासाभरात थांबते. तरीही ते वर्षानुवर्षे उन्हाच्या खात्यावर जमा होते, कारण हेल्मेट आणि ऊन बहुधा एकाच वेळी डोक्यावर असतात. ज्यांना मायग्रेन आहे त्यांना असा दाब अधिक जाचतो आणि तो फार वेळ राहिला, तर त्यातून मायग्रेनचा पूर्ण झटकाही येऊ शकतो.

हेल्मेट तपासताना ते अर्धा तास घरात, सावलीत, काहीही श्रम न करता घालून बसावे. मग काढून आरशात पाहावे. कपाळावर सगळीकडे सारखी, फिकट खूण असेल तर माप ठीक आहे. कपाळाच्या मधोमध लालभडक पट्टा उमटला आणि कानशिलांजवळ मात्र बोट सहज शिरेल इतकी फट राहिली, तर डोके लांबट आणि हेल्मेट गोलसर आहे, असा त्याचा अर्थ. मागची चकती सैल करून हा दोष जात नाही. सैल केल्याने हेल्मेट हलू लागते आणि पडल्यावर ते कामाचे राहत नाही. वेगळ्या आकाराचे हेल्मेट घेणे हाच मार्ग उरतो. हेल्मेट भुवयांच्या वर साधारण दोन बोटांवर आणि आडवे बसावे. हनुवटीखालच्या पट्ट्यात एक-दोन बोटे जावीत. केसांची गाठ किंवा जाड टोपीची शिवण नेमकी मागच्या चकतीखाली येत नाही ना, हेही पाहावे. ओळखीच्या एका सायकलस्वाराची ‘उन्हाची’ डोकेदुखी हेल्मेटच्या आतल्या निसटलेल्या गादीमुळे होत होती; गादी बदलली आणि त्याच रस्त्यावर, त्याच उन्हात त्रास थांबला.

श्रमामुळे होणारी डोकेदुखी हा दुसरा प्रकार. चढण, वेगवान धाव किंवा जड ओझे उचलणे अशा जोरकस श्रमात किंवा श्रम संपताच डोके नाडीच्या ठोक्याबरोबर ठणकते; हे दुखणे काही मिनिटांपासून ४८ तासांपर्यंत टिकू शकते. उष्ण हवेत आणि उंचीवर त्याचे प्रमाण अधिक असते. सुरुवातीची दहा-पंधरा मिनिटे हळूहळू वेग वाढवावा, ओझे उचलताना श्वास रोखून धरू नये आणि कडक उन्हात सर्वांत कठीण चढण ठेवू नये, एवढ्यानेही पुष्कळांना आराम पडतो. मात्र हे निदान डॉक्टरांनी केलेले असावे. श्रमात प्रथमच उद्भवलेल्या तीव्र डोकेदुखीमागे मेंदूतल्या रक्तवाहिनीचा विकार नाही, याची खात्री एकदा करून घ्यावी लागते आणि त्यासाठी कधी स्कॅनही लागतो.

उजेडाबद्दल थोडक्यात सांगता येईल. चकाकते पाणी, वाळू, बर्फ किंवा फिकट रंगाचा रस्ता यांवरून परावर्तित होणारा प्रकाश टोपीच्या छज्ज्याखालून डोळ्यांपर्यंत पोहोचतो, म्हणून टोपी असूनही डोळे मिचकावावे लागतात आणि भुवयांभोवतीचे स्नायू तासन्‌तास आखडून राहतात. ताजे बर्फ तर अतिनील किरणांपैकी ८० टक्क्यांपर्यंत किरण परत फेकू शकते. गॉगल ४०० नॅनोमीटरपर्यंतची अतिनील किरणे अडवणारा आणि बाजूंनीही डोळे झाकणारा असावा. काच नुसती गडद असणे पुरेसे नाही. गडद काचेमागे बाहुली विस्फारते आणि काच अतिनील किरणे अडवणारी नसेल, तर उलट जास्त किरणे डोळ्यात शिरतात. चष्म्याचा नंबर असणाऱ्यांनी बिननंबरी गॉगल लावून दिवसभर दूरचे पाहत राहू नये.

पाणी आणि मीठ

दोन-तीन तासांनी सुरू होणाऱ्या डोकेदुखीत पाण्याचा प्रश्न अंदाजाने सोडवू नये, कारण घामाचे प्रमाण माणसागणिक फार बदलते. श्रम करताना एखाद्याला तासाला अर्धा लिटर घाम येतो, तर दुसऱ्याला दोन लिटरपर्यंत. त्यामुळे ‘दर तासाला इतके पाणी’ असा सरसकट नियम कोणी सांगितला, तर तो बाजूला ठेवावा आणि स्वतःचे वजन करावे.

निघण्यापूर्वी लघवीला जाऊन, कमीत कमी कपड्यांत वजन करावे. परत आल्यावर घाम पुसून, तशाच कपड्यांत पुन्हा करावे. समजा, सकाळी वजन ६२ किलो होते, तीन तासांच्या चालण्यात एक लिटर पाणी प्यायले गेले आणि परतल्यावर वजन ६१ किलो भरले. वजनातली एक किलोची घट म्हणजे जवळपास एक लिटर पाणी; त्यात प्यायलेले एक लिटर मिळवले, की तीन तासांत सुमारे दोन लिटर घाम गेला, म्हणजे तासाला साधारण ६५० ते ७०० मिलिलिटर. ६२ किलोच्या माणसाची २ टक्के घट सव्वा किलोच्या आसपास येते. घट त्याहून जास्त होत असेल आणि त्याच दिवशी डोकेही दुखत असेल, तर पाणी हा प्रमुख संशयित ठरतो. घट अर्धा किलोच असूनही डोके दुखले, तर पाण्याला सोडून द्यावे आणि दुसरीकडे शोध घ्यावा. हवा तशीच, वेग तसाच असताना हे मोजमाप दोन-तीनदा केले, की स्वतःचा आकडा पुरेसा कळतो. मधे लघवीला जावे लागले, तर तेवढी चूक धरावी. त्याने निष्कर्ष फारसा बदलत नाही.

वजन वाढले असेल तर मात्र थांबून विचार करावा. दीर्घ श्रमात शरीर पाणी बाहेर टाकण्याचे काम मंदावते. अशा वेळी तहान नसतानाही पाणी पीत राहिले, तर रक्तातील सोडिअम पातळ होते. ते लिटरला १३५ मिलिमोलच्या खाली उतरले, की डोके दुखणे, मळमळ, पोट फुगल्यासारखे वाटणे, बोटांतल्या अंगठ्या घट्ट होणे अशी लक्षणे दिसू लागतात. पुढे मेंदूला सूज येऊन गोंधळलेपण आणि झटके येऊ शकतात. ही अवस्था अधिक करून हळू चालणाऱ्या, अनेक तास बाहेर राहणाऱ्या आणि प्रत्येक थांब्यावर काळजीपोटी पाणी पिणाऱ्या माणसाला गाठते. वजन वाढले आहे, पाणी भरपूर प्यायले आहे आणि डोके दुखते आहे, अशा माणसाला लघवी साफ होईपर्यंत आणखी पाणी देऊ नये. तो गोंधळला किंवा उलट्या करू लागला, तर रुग्णालयात न्यावे. तहान लागेल तसे पाणी पिणे हा निरोगी माणसासाठी सर्वांत सुरक्षित मार्ग आहे. लहान मुले आणि वृद्ध यांना तहानेची जाणीव नीट होत नाही, म्हणून त्यांना आठवण करून द्यावी.

घाम खूप गेला असेल तेव्हा नुसत्या पाण्यापेक्षा जलसंजीवनी बरी. लहान आतड्यात सोडिअम आणि ग्लुकोज जोडीने शोषले जातात आणि त्यांच्यामागोमाग पाणी आत ओढले जाते, या तत्त्वावर ती बनवलेली आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या सध्याच्या सूत्रात लिटरला ७५ मिलिमोल सोडिअम आणि तितकेच ग्लुकोज असते. पुडीवर लिहिले असेल तेवढ्याच पाण्यात अख्खी पुडी विरघळवावी. अर्धी पुडी अंदाजाने बाटलीत टाकणे किंवा चवीसाठी वरून साखर घालणे या दोन्हींनी हे प्रमाण बिघडते. उच्च रक्तदाब, हृदयविकार किंवा मूत्रपिंडाचा विकार असलेल्यांनी ती नेहमी घेण्यापूर्वी डॉक्टरांना विचारावे.

पाण्याच्या जोडीला उष्णतेचा विचार हवाच. हवेत बाष्प जास्त असेल तर घाम वाळत नाही, अंग निवत नाही आणि पाणी पुरेसे असूनही डोके दुखते, गळून गेल्यासारखे होते, मळमळते. यावर सावली, ओला कपडा, वारा आणि विश्रांती हेच औषध. उष्ण हवेची सवय होण्यास शरीराला एक ते दोन आठवडे लागतात, म्हणून थंड हवेतून आलेल्या माणसाने पहिल्याच दिवशी भर दुपारी मोठा बेत आखू नये.

भूक, झोप आणि चुकलेला कप

पहाटे लवकर निघायचे म्हणून झोप कमी होते, नेहमीचा नाश्ता टळतो आणि चहा-कॉफी राहून जाते. या तिन्ही गोष्टी एकाच सकाळी घडत असल्यामुळे त्या वेगळ्या करणे कठीण असते, आणि तिन्ही डोके दुखवू शकतात. रोज कॅफिन घेणाऱ्याला शेवटच्या कपानंतर साधारण १२ ते २४ तासांत डोकेदुखी सुरू होऊ शकते. आदल्या दिवशी दुपारी चारला शेवटची कॉफी घेतली असेल, तर दुसऱ्या दिवशी पहाटे चार ते दुपारी चार ही तिची वेळ. म्हणजे नेमका चढणीचा काळ. ओळख पटवण्यासाठी सहलीच्या दिवशीही नेहमीच्या वेळी, नेहमीइतकेच कॅफिन घेऊन पाहावे. सवय सोडायची असेल, तर ती सहलीच्या दिवशी तोडू नये, आधी दोन आठवडे हळूहळू कमी करत आणावी. खाण्याबाबत एवढेच, की निघण्यापूर्वी काहीतरी पोटात जावे आणि दोन-तीन तासांच्या पुढे उपाशी चालू नये.

मान

मानेतून निघालेली डोकेदुखी मागून पुढे येते : डोक्याच्या तळाशी सुरू होऊन बहुधा एकाच बाजूने कपाळापर्यंत किंवा डोळ्यामागे पोहोचते. मान वळवताना ती वाढते आणि कवटीच्या तळाशी, कण्याच्या बाजूच्या स्नायूवर अंगठ्याने दाबले, तर तीच ओळखीची कळ पुन्हा उमटते. पाठीवरच्या सॅकचे ओझे खांद्यांवर लटकत असेल तर मान पुढे जाते आणि हा त्रास सुरू होतो. सॅक घालताना आधी कमरेचा पट्टा नितंबाच्या हाडांवर घट्ट करावा, म्हणजे बहुतांश भार तिथे उतरतो. मग खांद्याचे पट्टे फक्त सॅक पाठीशी राहील इतकेच ओढावेत. सायकलचे हँडल फार लांब किंवा खाली असेल, तर समोर पाहण्यासाठी मान सतत वर उचलावी लागते. तिथे हँडल जवळ आणि वर आणून पाहावे. कडा चढणाऱ्या सोबत्याचा दोर सांभाळणारे आणि दुर्बिणीतून झाडाच्या शेंड्यावरचे पक्षी पाहणारे यांनाही हेच होते. त्यांनी दर काही मिनिटांनी मान खाली आणून सैल सोडावी.

मायग्रेन वेगळे ओळखावे

उपचाराविना ४ ते ७२ तास टिकणारी, बहुधा एका बाजूची, ठणकणारी, हालचालीने वाढणारी आणि सोबत मळमळ किंवा उजेड-आवाज नकोसा करणारी डोकेदुखी म्हणजे मायग्रेन. ऊन, भूक, अपुरी झोप, सनस्क्रीनचा किंवा डास पळवणाऱ्या मलमाचा उग्र वास, मासिक पाळीचे दिवस यांपैकी एकटे कारण कधी कधी काहीच करत नाही. तीन एकत्र आली की झटका येतो. म्हणूनच असा माणूस गोंधळतो : मागच्या आठवड्यात याच उन्हात काही झाले नाही, मग आज का? त्याने सगळीच कारणे टाळण्याच्या मागे लागू नये. ऊन टाळता येत नसेल, तर त्या दिवशी झोप आणि खाणे तरी चुकवू नये. डॉक्टरांनी दिलेले औषध सॅकच्या तळाशी न ठेवता खिशात ठेवावे, कारण ते दुखणे वाढण्याआधी घेतले तरच नीट लागू पडते.

उंचीवरची आणि तंबूतली डोकेदुखी

२,५०० मीटरच्या वर पोहोचल्यानंतर पहिल्या दिवसात डोके दुखू लागले, तर दुसरे कारण सिद्ध होईपर्यंत ती उंचीचीच डोकेदुखी मानावी. तिच्या जोडीला मळमळ, चक्कर किंवा विलक्षण थकवा असेल, तर तो उंचीचा आजार होय. तरुण, सराव असलेली, तंदुरुस्त माणसेही यातून सुटत नाहीत. उलट ती वेगाने वर जातात म्हणून अनेकदा आधी आजारी पडतात. ३,००० मीटरच्या पुढे झोपण्याची उंची दररोज ५०० मीटरपेक्षा जास्त वाढवू नये आणि दर तीन-चार दिवसांनी एक दिवस त्याच उंचीवर राहावे. डोके दुखत असताना वर चढू नये. दुखणे साध्या गोळीने आणि विश्रांतीने थांबले नाही किंवा वाढले, तर खाली उतरावे. प्रतिबंधासाठी अॅसिटाझोलामाइड हे औषध वापरले जाते, पण ते डॉक्टरांच्या सल्ल्यानेच घ्यावे.

सोबत्याची अवस्था पारखण्यासाठी त्याला सपाट जमिनीवर सरळ रेषेत, एका पावलाची टाच दुसऱ्याच्या अंगठ्याला टेकवत दहा-बारा पावले चालायला सांगावे. तो रेषेबाहेर पडला, अडखळला किंवा चालायलाच तयार झाला नाही, तर मेंदूला सूज येत असल्याचा संशय धरून ताबडतोब, रात्र असली तरी, त्याला खाली न्यावे आणि एकटे सोडू नये. ‘सकाळी पाहू’ हे वाक्य अशा वेळी कोणीही उच्चारू नये.

बंद तंबूत स्टोव्ह किंवा कोळसा पेटवला, तर कार्बन मोनॉक्साइड साचतो. त्याला वास नसतो. तंबूतल्या एकाहून अधिक जणांचे डोके एकाच वेळी दुखू लागले आणि बाहेर मोकळ्या हवेत बरे वाटले, तर कारण हेच समजावे. बोटाला लावायच्या ऑक्सिमीटरवर विसंबू नये. या विषबाधेत ते फसवे, चांगले आकडे दाखवते. सर्वांना बाहेर काढावे, झोपलेल्यांनाही उठवावे आणि वैद्यकीय मदत घ्यावी. तंबूत काहीही पेटवू नये, थंडी कितीही असो.

गोळीविषयी

निघतानाच ‘डोके दुखणार आहेच’ म्हणून गोळी घेण्याची सवय मला सर्वांत घातक वाटते. आयबुप्रोफेनसारखी औषधे मूत्रपिंडाकडे जाणारा रक्तप्रवाह कमी करतात. घामाने पाणी कमी झालेल्या शरीरात दीर्घ श्रमाच्या वेळी ती घेतली, तर मूत्रपिंडाला इजा होऊ शकते. त्याशिवाय दुखणे झाकले गेले, की सुरू होण्याची वेळ कळत नाही आणि शोधाचा धागाच तुटतो. नेहमीच्या दुखण्यात थांबून, सावलीत बसून, पाणी पिऊन आणि डोक्यावरचे काढूनही बरे वाटले नाही, तर प्रौढांसाठी पॅरासिटामोल बहुधा सुरक्षित असते. दिवसाला ४ ग्रॅमची मर्यादा ओलांडू नये, आणि यकृताचा विकार असल्यास मात्रा डॉक्टरांनाच विचारावी. १६ वर्षांखालील मुलांना डॉक्टरांनी सांगितल्याशिवाय अॅस्पिरिन देऊ नये. साध्या वेदनाशामक गोळ्या महिन्यातून १५ किंवा त्याहून अधिक दिवस, तीन महिन्यांपेक्षा जास्त काळ घेतल्या गेल्या, तर त्या गोळ्यांमुळेच डोके दुखू लागते. मिश्र घटकांच्या गोळ्या आणि मायग्रेनसाठीची ट्रिप्टान गटातील औषधे यांच्या बाबतीत ही मर्यादा १० दिवसांचीच आहे.

नोंद कशी ठेवावी

दर वेळी लिहायचे ते इतकेच : निघण्याची वेळ, दुखू लागल्याची वेळ, दुखणारी जागा, तोपर्यंत किती प्यायले आणि काय खाल्ले, आदल्या रात्रीची झोप, शेवटचा चहा किंवा कॉफी, डोक्यावर आणि पाठीवर काय होते, काय केल्यावर किती वेळात थांबले. ज्या दिवशी दुखले नाही त्या दिवसाची नोंद तितकीच काळजीपूर्वक करावी. बहुतेक जण ती करत नाहीत आणि मग तुलना करायला काही उरत नाही. संशयित ठरल्यावर एका वेळी एकच गोष्ट बदलावी. नवे हेल्मेट, जास्त पाणी आणि मोठा नाश्ता हे तिन्ही एकाच रविवारी केले, तर आराम कशामुळे पडला हे कळणार नाही आणि तिन्ही कायमची वागवत बसावी लागतील. बदल केल्यावर रस्ता, वेळ आणि वेग शक्य तितका तोच ठेवावा.

एवढे करूनही कारण हाती लागले नाही किंवा महिन्यातून अनेकदा गोळी घ्यावी लागत असेल, तर ही नोंद घेऊन डॉक्टरांकडे जावे. रक्तदाब, दृष्टी आणि मान यांची तपासणी होऊ द्यावी. रक्तदाबाची किंवा इतर औषधे चालू असतील तर ती सारी सोबत न्यावीत, कारण लघवी वाढवणाऱ्या काही गोळ्या उन्हात पाणी आणि सोडिअम दोन्ही घटवतात आणि त्यांची मात्रा डॉक्टरच बदलू शकतात.